मदत हवी आहे: फ्रीशिपमधली (होडीचा आकार रेखाटायचं जुनं फुकट सॉफ्टवेअर) जुनी होडी नव्या सॉफ्टवेअरमध्ये आकार न बिघडता कशी न्यावी?

आमच्या काकांची लाकडी होडी 8.4 मीटरची. ती बांधणारे सुतार आता नाहीत, आणि त्यांनी कागदावर कधी रेघ ओढली नव्हती. 2008 मध्ये होडी वाळूत ओढलेली असताना मी ओळंबा लावून दर 60 सेंटिमीटरवर मापं घेतली आणि फ्रीशिपमध्ये बसवली. नाळेकडचा (होडीच्या पुढच्या टोकाचा) बाक जुळायला तीन आठवडे गेले. होडी पुढे मोडीत निघाली, तेव्हा तिचा आकार आता त्या एका फाइलीतच उरलाय.

आता त्याच आकाराची फायबरची होडी करायची आहे. साचा सीएनसीवर (संगणकावर चालणाऱ्या कापणी यंत्रावर) कापणाऱ्याला आयजीईएस किंवा स्टेप या त्रिमित आकाराच्या प्रकारातली फाइल हवी. फ्रीशिपमधून आडवे छेद डीएक्सएफ या रेखाचित्राच्या फाइलीत काढून ऱ्हायनो या त्रिमित सॉफ्टवेअरमध्ये त्यांवर लॉफ्ट केला, म्हणजे छेदांवरून पृष्ठभाग ताणला. होडी 45 सेंटिमीटर पाण्यात बुडलेली धरली तर फ्रीशिप विस्थापन (बाजूला सारलेल्या पाण्याचं वजन) 3.17 टन दाखवतं, लॉफ्टचं आलं 3.06. शंभर किलोंहून जास्त फरक! बघितलं तर नाळ पठाणाला (तळाच्या मधल्या कण्याला) मिळते तिथली फुगवटी सपाट झाली होती.

मला वाटतं मूळ फरक पृष्ठभागाच्या जातीत आहे. फ्रीशिप सबडिव्हिजन सरफेस वापरतं, म्हणजे होडीच्या अख्ख्या हलला (बाहेरच्या कवचाला) एकच जाळं, आणि हवी ती कड क्रीज करून धारदार ठेवता येते. मॅक्ससर्फसारखी जहाजरचनेची सॉफ्टवेअरं नर्ब्स या दुसऱ्या जातीच्या पृष्ठभागावर चालतात. त्यात बिंदूंची चौकोनी जाळी लागते आणि नाळेपाशी ती सगळी एका टोकाला दाटते. या बाबतीत जुनं फुकटचं सॉफ्टवेअर मला अजूनही उजवं वाटतं.

माझे प्रश्न:

ऱ्हायनो 7 पासून सबडी (सबडिव्हिजन पृष्ठभाग) आलं आहे. फ्रीशिपमधून फक्त कंट्रोल जाळं (आकार ठरवणारे बिंदू) ओबीजे फाइल करून तिकडे नेलं, तर पृष्ठभाग तोच मिळतो का? क्रीज पुन्हा हाताने द्याव्या लागतात का?

डेल्फ्टशिप हे फ्रीशिपच्याच लेखकाचं पुढचं काम. फ्रीशिपची जुनी एफबीएम फाइल त्यात उघडून कुणी विस्थापन पडताळून पाहिलंय का?

ऱ्हायनोला जोडायच्या ऑर्का3डी या जहाजरचनेच्या प्लगइनचा खर्च एका होडीसाठी परवडणारा नाही. हायड्रोस्टॅटिक्सपुरतं (विस्थापनासारख्या तरंगण्याच्या गणितापुरतं) फ्रीकॅड या फुकट सॉफ्टवेअरचं शिप वर्कबेंच भरवशाचं आहे का?

रेझिस्टन्सचं (पाण्याच्या विरोधाचं) गणित नको, त्यासाठीची फ्रीशिपमधली डेल्फ्ट मालिका ही पद्धत शिडाच्या यॉटसाठी आहे आणि आमची होडी इंजिनाची. मला फक्त नाळ जशीच्या तशी हवी आहे. साचा गणपतीनंतर कापायला द्यायचा आहे. जाळ्याचे स्क्रीनशॉट लागले तर लगेच टाकतो.