मागच्या जागेत पत्रे लागले

बी-३०२ काकू: नमस्कार. आज सकाळी सातला मागच्या जागेत माणसं पत्रे ठोकायला आली. कडुनिंबापर्यंत खांब गाडून झालेत. विचारलं तर म्हणतात कोर्टाची ऑर्डर आहे. कमिटीने उत्तर द्यावं 🙏

सी-१०४: काकू, ती जागा मागच्या वर्षी सोसायटीच्या कोर्टातल्या दाव्याच्या तडजोडीत बिल्डरला गेली.

बी-३०२ काकू: गेली म्हणजे? कोणी दिली? मी एकही सभा चुकवलेली नाही. ठराव कधी झाला?

ए-४०१: सरळ नवीन दावा टाका. माझा मेहुणा वकील आहे.

ए-१०२: त्यापेक्षा मेहुण्याला लिफ्ट दुरुस्त करायला सांगा 😄

सी-१०४: दादा, तुमची पोरंच तिथे खेळतात. हसायची वेळ नाही.

डी-२०३ नाना: काकू, हुकूमनाम्याची, म्हणजे कोर्टाच्या त्या डिक्रीची, नक्कल आहे का? आधी बघा, लोकअदालतीत झालाय का. तसं असेल तर हायकोर्टात रिट अर्ज करण्यावाचून वाट नाही.

बी-३०२ काकू: लोकअदालत कुठेच लिहिलेलं नाही. दिवाणी न्यायालय, वरिष्ठ स्तर. चार पानं आहेत. तिसऱ्या पानावर कलम ७, "वादी संस्था मागील मोकळ्या जागेवरील हक्क सोडत आहे". खाली सही फक्त सेक्रेटरींची. अध्यक्षांच्या नावापुढची रेघ कोरी.

ए-४०१: नवीन दावा टाका. सांगतोय ना.

डी-२०३ नाना: नवीन दावा चालत नाही हो. दिवाणी प्रक्रिया संहिता, आदेश २३, नियम ३अ. संमतीच्या हुकूमनाम्यावर अपीलही नाही, कलम ९६(३). ज्या कोर्टाने तडजोड नोंदवली तिथेच अर्ज करायचा की ही कायदेशीर तडजोडच नव्हती. सुप्रीम कोर्टाने २००६ साली पुष्पादेवी भगतच्या प्रकरणात हाच मार्ग सांगितलाय.

ए-३०३ (माजी सेक्रेटरी): नाव न घेता बोट माझ्याकडेच आहे, कळतंय मला. आठ वर्षं तारखांना एकटा गेलो. तेव्हा कोणाला वेळ होता? बदल्यात बिल्डर कन्व्हेयन्स, म्हणजे जमीन-इमारत सोसायटीच्या नावावर, करून देणार होता. सगळ्यांच्या भल्यासाठीच सही केली.

बी-३०२ काकू: भाऊ, तुमच्या कष्टांबद्दल शब्द नाही. पण कन्व्हेयन्स देणं मोफा कायद्याने (महाराष्ट्राचा फ्लॅट मालकीचा कायदा), १९६३ पासून, बिल्डरवर बंधनकारकच आहे. आपल्या हक्काच्या गोष्टीसाठी आपण जागा दिली?

ए-३०३ (माजी सेक्रेटरी): वकिलांनी सांगितलं तसं केलं.

सी-१०४: म्हणजे सभेला न विचारता.

ए-१०२: आणि माझ्या पार्किंगमध्ये स्कूटर लावणाऱ्याने पण कोणाला विचारलं नव्हतं.

बी-१०१: ती पाहुण्यांची होती, एक रात्र! दर वेळी तेच काय?

डी-२०३ नाना: पार्किंग नंतर. नीट ऐका. अर्जात नुसतं "फसवणूक" लिहून भागत नाही, तपशील द्यावा लागतो, आदेश ६ नियम ४. माझ्या मते इथे फसवणूक म्हणूच नये. प्रश्न अधिकाराचा आहे. सोसायटीचा हक्क सोडायला सर्वसाधारण सभेचा ठराव होता का? नसेल तर सेक्रेटरींच्या एकट्या सहीने ती तडजोड सोसायटीवर बंधनकारक होते का? पत्रे थांबवायला त्याच अर्जाबरोबर स्थगिती मागायची.

ए-४०१: मेहुणा म्हणतो नवीन दावा...

डी-२०३ नाना: त्यांना नियम ३अ वाचायला सांगा, कृपया.

बी-३०२ काकू: मग अर्ज मी करते.

डी-२०३ नाना: तुम्ही एकट्याने नको. दाव्यात वादी सोसायटी आहे, सभासद नाही. अर्ज सोसायटीने करायचा, म्हणजे आधी विशेष सभा. एक पंचमांश सभासदांनी लेखी मागणी केली की कमिटीला महिन्याच्या आत सभा बोलवावी लागते. आपण ४८, म्हणजे १० सह्या. आणि उशीर नको, हे आपल्याला कधी कळलं ते कोर्ट विचारेल.

बी-३०२ काकू: कागद माझ्या दाराबाहेरच्या स्टुलावर ठेवलाय, पेन बांधून. पहिली सही माझी.

बी-१०१: दुसरी माझी. स्कूटरसकट.

सी-१०४: सात झाल्या. ए विंगमधून कोणीच नाही?

ए-१०२: येतो, चहा घेऊन येतो.

ए-३०३ (माजी सेक्रेटरी): दाव्याची फाइल माझ्याकडे आहे, माळ्यावर. इतिवृत्ताची वहीपण त्यातच. नाना, संध्याकाळी या, काढून देतो. मीही सही करेन.