व्हिएतनामच्या गावांत, शेतकऱ्याच्या बांधावर: तुमचे अनुभव लिहा

रानजाई

मुंबईहून थेट विमान मिळू लागलं, ई-व्हिसा घरबसल्या निघू लागला आणि आपल्याकडून व्हिएतनामला जाणाऱ्यांची रीघ लागली. 2024 मध्ये भारतातून 5 लाखांच्या आसपास पर्यटक तिकडे गेले. परत आलेल्यांकडून मात्र हालाँग बे, बा ना हिल्सचा तो दगडी भासणाऱ्या हातांवरचा पूल आणि हो ची मिन्ह सिटीतली खरेदी यापलीकडे फारसं ऐकायला मिळत नाही. तिथल्या खेड्यात राहून, चिखलात उतरून, शेतकऱ्याच्या चुलीपाशी बसून आलेले लोकही आपल्यात आहेत. हा धागा त्यांच्यासाठी. गाव कोणतं, महिना कोणता, हातानं काय काम केलंत हे लिहाच. आणि तुम्ही दिलेले पैसे शेतकऱ्याच्या घरात पोचले असं वाटलं का, तेही लिहा. मला हा शेवटचा प्रश्न सगळ्यात महत्त्वाचा वाटतो.

सुरुवात मी करते. त्रा क्वे हे गाव मध्य व्हिएतनाममधल्या होई आन शहरापासून सायकलनं पंधरा-वीस मिनिटांवर आहे. जेमतेम 18 हेक्टर रान, पण त्यात पुदिना, तुळस, कोथिंबीर, कांद्याची पात, लेट्यूस, पेरिला नावाची सुवासिक पाल्याची भाजी असं काय काय लावलेलं. जमीन रेताड, पाणी धरत नाही. त्यावर तिथल्या लोकांचा जुना उपाय म्हणजे शेजारच्या नदीतलं शेवाळ. वाफा उकरायचा, शेवाळाचा थर द्यायचा, वर माती ओढायची. शेवाळ कुजतं, ओल धरून ठेवतं आणि त्याचंच खत होतं. हे काम आम्ही सकाळभर केलं.

पाणी घालणं त्याहून कष्टाचं. खांद्यावर कावड, दोन्ही टोकांना भरलेली झारी. दोन वाफ्यांमधल्या वाटेनं चालत जायचं आणि दोन्ही झाऱ्या एकाच वेळी कलत्या करायच्या, म्हणजे दोन्हीकडच्या वाफ्यांवर सारखी सर पडते. आमच्या यजमान आजी सत्तरीच्या असतील. चालताना त्यांची कावड जराही हेलकावत नव्हती आणि झारीचं तोंड वाफ्याच्या इतकं जवळ होतं की कोवळं रोप वाकत नव्हतं. त्यांनी माझं मनगट धरून तो कोन दाखवला.

संयुक्त राष्ट्रांच्या पर्यटन संस्थेनं 2024 मध्ये या गावाला उत्कृष्ट पर्यटन गावांच्या यादीत घेतलं. सकाळी उशिरा गेलात तर फोटोपुरती झारी हातात मिळते. उजाडताना जा. तेव्हा बाजाराला जाणारी भाजी खुडणं चालू असतं आणि घरच्यांना तुमच्या हातांचा खरंच उपयोग होतो. चांद्र नववर्षाच्या सातव्या दिवशी तिथे पीक चांगलं यावं म्हणून काऊ बोंग नावाचा उत्सव होतो. तो ज्यांनी पाहिला असेल त्यांनी जरूर लिहा.

तरवा

मी कृषी खात्यातून निवृत्त झालो. घरची भातशेती चिपळूणजवळ आहे, त्यामुळे व्हिएतनामला जायचं तर भातच पाहायचं हे ठरलेलं होतं. सप्टेंबरच्या उत्तरार्धात हनोईहून उत्तरेकडच्या डोंगरातल्या मू कांग चायला गेलो. डोंगरउतारावर ह्मोंग या तिथल्या डोंगरी जमातीनं पिढ्यान् पिढ्या कोरलेली खाचरं. ला पान तान, चे कू न्या आणि झे शू फिन्ह या तीन गावांच्या खाचरांना 2007 मध्ये राष्ट्रीय वारशाचा दर्जा मिळाला. वर थंडी आणि पाणी पावसाचं, म्हणून वर्षाला एकच पीक. मे-जूनमध्ये खाचरं पाण्यानं भरतात, सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये कापणी.

मी बांध बघत होतो. वरच्या खाचरातून खालच्यात पाणी सोडायला ठेवलेली वाट, तिच्या तोंडाशी माती धुपू नये म्हणून केलेली तजवीज, बांधाचं आतलं अंग चिखलानं चोपून गुळगुळीत केलेलं. शेतकरी भाऊंनी मला विळा दिला आणि आम्ही शेजारी शेजारी कापत गेलो. मोबाइलवरच्या अनुवादकानं जेवढं काम केलं त्याहून जास्त आम्ही ओंब्या एकमेकांना दाखवून बोललो. दाणे किती भरले, पळिंज म्हणजे पोकळ दाणे किती, खोडकिडा लागला का, हे प्रश्न कुठल्याही भातवाल्याला खुणांनी कळतात. मळणी शेतातच, ताडपत्री पसरून.

पण मला सविस्तर लिहायचंय ते वाटेवरच्या तू लेबद्दल. खाऊ फा घाटाच्या पायथ्याशी हे गाव आहे, तिथला चिकट तांदूळ नावाजलेला. दाणा चिकात असतानाच थोडं भात कापतात आणि त्याचा कोम करतात. आपला हुरडा असतो ना, तसा हा भाताचा हुरडा, फक्त मेहनत कितीतरी जास्त. मोठ्या लोखंडी कढईत मंद आचेवर हलवत भाजायचं. आच वाढली तर दाणा फुटतो, कमी पडली तर टरफल सुटत नाही. मग गार करून उखळात. मुसळ लांब लाकडाच्या टोकाला बसवलेलं, ते पायानं दाबून उचलायचं आणि सोडायचं. एक जण पायावर, दुसरी व्यक्ती उखळापाशी बसून दोन घावांच्या मधे हात घालून दाणे खालीवर करणार. मला पायावर उभं केलं. समोर त्या घरची सून बसली होती आणि तिचा हात माझ्या लयीवर अवलंबून होता, त्यामुळे माझं सगळं लक्ष तिच्या मनगटावर. थोडं कांडायचं, पाखडायचं, परत कांडायचं. शेवटी पोपटी रंगाचे चपटे, मऊ दाणे पानात बांधून हातात आले. विकत घेताना भाव करू नका, एवढीच विनंती. त्यामागे किती श्रम आहेत ते मी उभा राहून पाहिलंय.

पैशांचं विचारलंत. आम्ही राहिलो ते घर आणि शेत एकाच कुटुंबाचं, रोख त्यांच्याच हातात दिली.

माडबन

आम्ही सिंधुदुर्गातले, घरची नारळाची बाग. त्यामुळे मेकाँग नदीच्या मुखाशी असलेल्या बेन त्रेला गेलो. पहिल्यांदा हो ची मिन्ह सिटीहून एका दिवसाच्या टूरनं गेलो होतो. मधाचा चहा, नारळाच्या गोळ्यांचा कारखाना, होडीत फोटो, गाणी, आणि प्रत्येक थांब्यावर दुकान. माडाला हात लावायलाही मिळाला नाही. म्हणून नंतर स्वतंत्रपणे गेलो आणि कालव्याकाठच्या एका बागायतदाराच्या घरी उतरलो.

तिथे माड कालव्याच्या दोन बाजूंनी, मधल्या चरांत पाणी. पाडलेले नारळ सरळ पाण्यात सोडतात आणि तरंगत तरंगत घराकडे नेतात. वाहतुकीचा खर्च शून्य. सोलायला जमिनीत रोवलेला लोखंडी सुळा. माझ्या यजमानांनी तिथे बसून ढीगभर नारळ सोलले, तेव्हा बाकीच्या गप्पांची गरजच उरली नाही. करवंटी, काथ्या, झावळ्या, काहीच वाया जात नाही. गोळ्या घरीही केल्या: नारळाचं दूध, माल्ट आणि साखर घोटत राहायचं, हाताला घट्ट लागलं की पाटावर ओतून कापायचं आणि तांदळाच्या पातळ कागदात गुंडाळायचं. तो कागद खाता येतो.

एक गोष्ट मला टूरवर कोणी सांगितली नव्हती, ती या घरात कळली. कोरड्या हंगामात नदीचं पाणी घटलं की समुद्राचं खारं पाणी आत येतं. 2016 आणि 2020 मध्ये ते फार आत आलं, फळबागा जळल्या, प्यायच्या पाण्याचे हाल झाले. दारात ओळीनं ठेवलेले मोठे रांजण मला शोभेचे वाटले होते. ते पावसाचं पाणी साठवण्यासाठी आहेत. आपल्याकडे खाडीकाठी खारभूमीचे बांध फुटले की काय होतं हे ज्यांनी पाहिलंय त्यांना हे सांगायला नको. अशा घरी पाणी जपून वापरा.

दोनपिल्लं

मुलं बरोबर असतील तर मेकाँगच्याच भागातल्या कान थो शहराजवळचं कोन सोन बेट. छोट्या होडीनं काही मिनिटांत पोचतो. इथल्या घरांनी आपापसांत कामं वाटून घेतली आहेत. एका घरी मासे पाळलेले, दुसऱ्याकडे फळबाग, तिसऱ्याकडे तांदळाच्या पिठाचे आणि नारळाच्या दुधाचे पदार्थ. जेवणातही एकेक पदार्थ एकेका घरून येतो. त्यामुळे पर्यटक एकाच्याच दारात थांबत नाही, पैसा बेटभर फिरतो. रानजाई, तुझ्या प्रश्नाला याहून चांगलं उत्तर मला कुठे दिसलं नाही.

मुलांना आवडलं ते चरातलं पाणी उपसून हातानं मासे पकडणं. घरच्या आजोबांनी त्यांना दोन्ही तळवे चिखलातून सावकाश जवळ कसे आणायचे ते शिकवलं. धाकट्याच्या हातात मासा आला तेव्हा बेटावरचे सगळे हसत होते. मासा नंतर त्यानंच पाण्यात सोडला, आजोबांनीही सोडू दिला.

निळाई

उत्तरेकडच्या डोंगरातल्या सा पाबद्दल थोडं. ह्मोंग घरी राहिले, निळीत कापड बुडवायला शिकले. निळीची पानं पाण्यात कुजवून, त्यात चुना घालून घुसळतात. कापड एकदा बुडवून भागत नाही. बुडवा, वाळवा, परत बुडवा, असं कितीतरी दिवस. आपण त्यातला एखादा फेरा करतो. नखं बराच काळ निळी राहतात.

गावात लहान मुली पाठीला भावंडं बांधून बांगड्या-पिशव्या विकतात. त्यांच्याकडून घेऊ नका, कळकळीनं सांगते. विक्री होत राहिली की शाळा सुटते. तीच वस्तू तिच्या आईकडून, आजीकडून घ्या.

शेंगदाणा

आम्ही पूर्ण शाकाहारी आहोत. गावातल्या घरी जमतं का? सासूबाई बरोबर असतील.

रानजाई

जमतं, पण आधी कळवा. भाजीतही माशाचं सॉस घालायची सवय असते, म्हणून "मासे नको" एवढं पुरत नाही, सॉसचं वेगळं सांगायचं. चांद्र महिन्याच्या पहिल्या आणि पंधराव्या दिवशी बरेच बौद्ध लोक शाकाहार करतात, त्यामुळे कल्पना त्यांना नवी नाही. टोफू, लसणाची फोडणी दिलेली नाळीची भाजी, आणि गरम भातावर शेंगदाणे-तीळ-मिठाची पूड हे सगळीकडे मिळतं. सासूबाईंना ती पूड नक्की आवडेल.

अजून एक. 1 जुलै 2025 पासून तिथले प्रांत 63 चे 34 झाले. होई आन आता दा नांगमध्ये, मू कांग चाय लाओ काईत, बेन त्रे विन्ह लाँगमध्ये. जुन्या ब्लॉगवरचा पत्ता आणि बुकिंगवरचा पत्ता जुळला नाही तर घाबरू नका.

पेठेतली

मध्य व्हिएतनाममधल्या ह्वे शहराजवळ थान्ह तोआनला जा. 1776 चा छताचा लाकडी पूल आहे आणि शेजारी शेती-अवजारांचं छोटं संग्रहालय. तिथल्या एका आजींनी आम्हाला पाखडणं, दळणं, रहाटानं पाणी उपसणं सगळं करून दाखवलं. माझ्या आईनं त्यांच्या हातातलं सूप घेऊन आपल्या पद्धतीनं पाखडून दाखवलं, मग दोघी बराच वेळ त्यातच रमल्या.

रानजाई

पेठेतली, आईंचा तो फोटो असेल तर टाक ना. आणि मध्य पठारावरच्या बुओन मा थुओत शहराच्या बाजूला नोव्हेंबर-डिसेंबरमध्ये कॉफीच्या तोडणीला कोणी गेलं आहे का? एदे या तिथल्या आदिवासी लोकांच्या गावात राहून बागेत काम करायचं मनात आहे. राहायची सोय थेट बागायतदाराकडे झाली असेल तर ती कशी केलीत, तेवढं लिहा.