सोळा जणींची आठवण: शिळेवर की नोंदवहीत?

रानमोगरी: गोव्यातल्या शिरोड्याचा (फोंडा) रिक्षावाला एप्रिल २००९ मध्ये पकडला गेला. आरोप होता १९९४ पासून १६ बायकांच्या खुनांचा. लग्नाचं आमिष दाखवायचं, दागिने घालून ये म्हणायचं, ओढणीने गळा आवळायचा आणि सोनं सोनाराकडे मोडायचं. पेपरांनी त्याचा ‘दुपट्टा किलर’ केला. लक्षात राहिली ती ओढणी आणि तो. म्हणून माझं मत: नावांसकट शिळा हवी. जांभ्याची नको, सच्छिद्र असल्यामुळे अक्षराची कड धरत नाही नि पावसाळ्यात शेवाळ चढतं. पितळी पाटी खाऱ्या हवेत हिरवी पडते. काळा ग्रॅनाइट घ्यावा, अक्षरं खोल कोरावीत, रंग भरू नये. रंग आधी उडतो.

मांडवीकर: दगडाचं नंतर बघू. ज्या प्रकरणात बलात्काराचं कलम आहे, तिथे पीडितेचं नाव छापणं भारतीय न्याय संहितेच्या कलम ७२ खाली गुन्हा आहे, दोन वर्षांपर्यंत कैद. बाई हयात नसली तरी. घरच्यांनी हो म्हटलं तरी पुरत नाही, सत्र न्यायाधीशांनी ठरवावं लागतं, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये सांगितलंय.

रानमोगरी: बेपत्ता बाई ‘पळून गेली’ हे गाव पहिल्याच दिवशी ठरवून मोकळं होतं. नाव झाकलं की तेच खरं ठरतं.

खडपातला: मला शिळाच पटत नाही. बेपत्ताची तक्रार एका ठाण्यात, अनोळखी प्रेताची नोंद दुसऱ्या ठाण्यात, आणि दोन्ही कागद समोरासमोर येत नाहीत. असा माणूस पंधरा वर्षं मोकळा राहतो तो त्यामुळे. पुढे बऱ्याच खटल्यांत तो पुराव्याअभावी सुटला, जन्मठेप मोजक्यांतच. आठवण ठेवायची तर पंचनाम्यात ठेवा. आपल्या दमट हवेत चार-पाच दिवसांत चेहरा ओळखू येत नाही. मग उरतात दाढा, मांडीचं हाड, ब्लाउजच्या आतलं शिंप्याचं लेबल. त्या लेबलाचा शेजारी मोजपट्टी ठेवून फोटो घ्यावा. दाढ नि हाड कोरडं ठेवावं, फॉर्मॅलिनमध्ये (अवयव टिकवायचं द्रावण) टाकलं की डीएनए बिघडतो.

मांडवीकर: आणि बेवारस प्रेत जाळू नये, खूण ठेवून पुरावं.

खडपातला: पुरा, पण दाढ आधी काढून ठेवा. जांभ्याची माती आम्ल असते, हाड खाते. नंतर उकरून हाती काय लागणार?

रानमोगरी: पंचनामा कपाटात राहतो हो. तिच्या आईने फूल कुठे ठेवायचं? नाव नको तर गाव आणि साल कोरू.

मांडवीकर: वाडीत तेवढ्यावरून नाव कळतं. कलमात ‘ओळख पटेल असं काहीही’ येतं.

रानमोगरी: मग गाव गाळू. नुसती सालं, एकाखाली एक, सोळा ओळी.

खडपातला: सालं तरी कुठली घालणार, बेपत्ता झाल्याचं की प्रेत सापडल्याचं? आधी ते ठरवा, मग पाथरवटाकडे जा.