नाशिकहून हैदराबाद: तेलुगू सिनेमात डान्स मास्टर व्हायचं तर सुरुवात कुठून?

गोदाकाठ
कॉलेज रोडच्या एका क्लासमधला २१ वर्षांचा मुलगा आहे. हिपहॉप पक्कं, लेझीम आणि लावणीही अंगात आहे, अख्खं गाणं एका दुपारी बसवतो. त्याला तेलुगू सिनेमात कोरिओग्राफर व्हायचंय. घरचे म्हणतात, मुंबई हाकेच्या अंतरावर असताना हैदराबाद कशाला? थेट असिस्टंट म्हणून घेतात का, की आधी ग्रुपमध्ये नाचावं लागतं? संघटनेच्या कार्डाची काय भानगड असते? आणि नाशिकमध्ये राहून वर्षभर नेमकी कसली तयारी करावी? "मेहनत कर" सोडून काहीही सांगा.

मनमाड_जंक्शन
थेट असिस्टंट सहसा घेत नाहीत. रस्ता असा: ग्रुप डान्सर, मग एखाद्या मास्टरच्या टीममध्ये असिस्टंट, मग एखादं छोटं गाणं स्वतंत्रपणे. राघव लॉरेन्स ग्रुपमध्येच नाचत होते, १९९७ मध्ये चिरंजीवींच्या सिनेमातून तेलुगूत मास्टर म्हणून नाव झालं आणि २००४ मध्ये नागार्जुनचा सिनेमा दिग्दर्शित केला. प्रभुदेवांनी दिग्दर्शनाची सुरुवात २००५ मध्ये तेलुगूतूनच केली. तिथे मास्टरला दिग्दर्शकाची खुर्ची मिळते, कारण गाण्यापुरता सेट तोच चालवतो. शॉट कुठून सुरू, कॅमेरा कुठे, कट कुठे, हे बऱ्याचदा त्याच्याच तोंडून येतं.

दुसरी वाट टीव्हीची. ईटीव्हीवरच्या 'ढी' या डान्स शोमधून बरीच मंडळी सिनेमात गेली. तिथे दर आठवड्याला नवीन गाणं उभं करावं लागतं, त्यामुळे हात लवकर बसतो.

असिस्टंटचं खरं काम लोकांना माहीत नसतं. स्टेप सुचवणं हा त्यातला लहानसा भाग. हिरोला शिकवायचं, ग्रुपला शिकवायचं, प्रत्येक तुकड्याच्या शेवटी कुठला हात वर होता आणि वजन कुठल्या पायावर होतं ते लिहून ठेवायचं. गाणं सलग शूट होत नाही. चार-चार, आठ-आठ काउंटचे (म्हणजे तालाच्या मोजणीचे) तुकडे वेगवेगळ्या दिवशी घेतात. सोमवारी वजन उजव्या पायावर सोडलं आणि गुरुवारी पुढचा तुकडा डाव्यावरून सुरू केला, तर एडिटिंगला उडी दिसते. म्हणून प्रत्येक टेक आधीच्या चार काउंटपासून सुरू करतात, म्हणजे जोड झाकला जातो. ही वही नीट ठेवणारा मुलगा टीममध्ये टिकतो. नाच बरा असला तरी चालतं.

सहाआठ
तयारीचं मी सांगतो, कारण रील्सवर वाढलेली मुलं नेमकी इथेच मार खातात.

फोनची चौकट उभी, ९:१६. सिनेमास्कोपची आडवी, २.३९:१. डोक्यापासून पायापर्यंत माणूस दिसावा म्हणून ८ फूट उंची पकडली, तर उभ्या चौकटीत साडेचार फूट रुंदी मिळते आणि आडवीत १९ फूट. साडेचार फुटांत एकच माणूस नाचतो, म्हणून रीलमध्ये सगळं वर-खाली बसवलं जातं. १९ फुटांत तोच एकटा माणूस हरवतो. बाजूची जागा ग्रुपने भरायची असते. पाच-पाच फुटांवर पुढच्या रांगेत चौघं, मागची रांग त्यांच्या मधल्या फटींत, आणि हिरो दोन-तीन फूट पुढे. पहाटे गोल्फ क्लब मैदानावर जमिनीवर १९ फुटांची रेघ मारून त्यातच सराव करा. पंधरा दिवसांत डोळा बदलतो.

लेन्सचं भानही हवं. फोनच्या साध्या कॅमेऱ्याने जवळून शूट केलं की कडेची मुलं ताणलेली दिसतात. दुप्पट झूमवर जाऊन मागे सरका. उलट फार लांबच्या लेन्सवर चार रांगा एकमेकींवर चढतात आणि मागच्यांचे फक्त हात दिसतात. त्या शॉटसाठी मागच्या रांगेला हात वर नेणाऱ्या स्टेप द्यायच्या, पायाचं काम वाया जातं. क्लोजअपमध्येही तेच: खांदा, मान, डोळे. क्लोजमध्ये फूटवर्क बसवणारा मास्टर युनिटचा वेळ खातो.

आता काउंट. १२० बीपीएमचं, म्हणजे मिनिटाला १२० ठोक्यांचं गाणं असेल तर एक बीट अर्ध्या सेकंदाची, म्हणजे सेकंदाला २४ फ्रेमच्या हिशेबात १२ फ्रेम. आठ काउंट चार सेकंदांचे. चार मिनिटांचं गाणं म्हणजे ६० आठकडे. कागदावर ६० ओळी आखायच्या आणि पल्लवी (मुखडा) कुठे, चरणम (अंतरा) कुठे, मधलं म्युझिक कुठे ते आधी भरायचं. स्टेप त्यानंतर. ही सवय नाशिकमध्ये फुकट लागू शकते.

तेलुगू मास गाण्यांत, म्हणजे थिएटर नाचवणाऱ्या गाण्यांत, सहा-आठची लय फार. 'नाटू नाटू'सुद्धा ६/८ आहे. हैदराबादच्या मिरवणुकीतलं तीनमारही त्याच झोकाचं. एका मात्रेत तीन ठोके: पाय पहिल्यावर, झोल तिसऱ्यावर. चारच्या हिपहॉपमध्ये मुरलेलं शरीर तिसरा ठोका खाऊन टाकतं आणि नाच सपाट होतो. तुमच्या मुलाला आपला ढोल अंगात असेल तर अर्धं काम झालंय. तोंडाने "टां-कि-ट, टां-कि-ट" म्हणत पायऱ्या चढायला लावा, गंमत वाटेल पण लागू पडतं.

गोदाकाठ
वहीचं आणि १९ फुटांचं आजच त्याला दाखवतो. एक शंका. स्लो मोशनमध्ये हिरो चालतोय, केस उडतायत, पण ओठ गाण्याशी बरोबर जुळतात. हे नंतर कॉम्प्युटरवर करतात का?

विंगेतून
नाही, सेटवरच होतं. कॅमेरा ४८ फ्रेमवर ठेवायचा आणि गाणं दुप्पट वेगाने वाजवायचं. हिरो दुप्पट वेगाने ओठ हलवतो, पडद्यावर २४ फ्रेमने दाखवलं की ओठ जुळतात आणि अंग, कपडे, धूळ निम्म्या वेगाने जातात. ३६ फ्रेम असेल तर गाणं दीडपट. गाणं मूळ वेगानेच वाजवलं तर ओठ निम्म्या वेगाने हलतात आणि तो शॉट कचऱ्यात. म्हणून असिस्टंटच्या लॅपटॉपमध्ये एकाच गाण्याच्या चार-पाच वेगांच्या फाइली आधीच तयार असाव्या लागतात, नावासकट. १२० बीपीएम दुप्पट केलं की २४० होतं, त्या वेगात खरी स्टेप कोणी करू शकत नाही. चालणं, वळणं, मान झटकणं एवढंच ठेवा.

उलटंही करतात. नाच जरा तिखट दिसावा म्हणून २२ फ्रेमवर शूट करून गाणं सुमारे ९२ टक्के वेगाने वाजवायचं. पडद्यावर हालचाल ९ टक्के जलद दिसते. त्याखाली गेलात तर जुन्या मूकपटासारखं दिसतं. आपल्या त्र्यंबकेश्वरच्या फाळक्यांच्या काळात ते चालून गेलं, आता नाही.

हिरोसाठी एकाच आठकड्याची तीन रूपं तयार ठेवायची: पूर्ण, मध्यम, सोपं. गुडघा दुखतोय, कपडा अवघड आहे, खाली वाळू आहे, यातलं काहीतरी एक असतंच. घसरण्याची स्टेप संगमरवरावर सुरेख होते, वाळूवर पाय रुततो. तालीम त्याच बुटांत आणि तशाच जमिनीवर करा. शिकवताना समोर तोंड करून उभे राहिलात तर आरशासारखं डावं-उजवं उलटं करून दाखवायचं, नाहीतर ग्रुपकडे पाठ करून उभं राहायचं. दोन्हींची सरमिसळ झाली की अख्खा ग्रुप गोंधळतो.

मनमाड_जंक्शन
कार्डाचं राहिलं होतं. हैदराबादला डान्सर आणि डान्स डायरेक्टर यांची संघटना आहे, ती तेलुगू फिल्म फेडरेशनच्या (सिनेकामगारांच्या महासंघाच्या) २४ क्राफ्टमधली, म्हणजे कामाच्या शाखांमधली एक. मुंबईची डान्सर संघटना वेगळी, फेडरेशनही वेगळं. मुंबईचं कार्ड तिथे चालेल असं गृहीत धरू नका. सभासदत्वाची फी भरण्याआधी स्वतः कार्यालयात जाऊन नियम विचारा. हैदराबादच्या कृष्णानगरात "कार्ड काढून देतो" म्हणणारे बरेच भेटतात, त्यांना एक रुपया देऊ नका. फेडरेशनच्या संपात शूटिंग ठप्प होतात, ऑगस्ट २०२५ मध्ये वेतनवाढीसाठी तसंच झालं. हाताशी तीन-चार महिन्यांचा खर्च ठेवूनच जा. नाशिक रोडहून देवगिरी एक्सप्रेस थेट सिकंदराबादला जाते. पहिली फेरी आठ दिवसांची, नुसती बघायला म्हणून करा.

मुंबई की हैदराबाद? माझ्या मते हैदराबाद, कारण तिथे गाण्याला अजून पूर्ण ग्रुप आणि पूर्ण मास्टर लागतो.

विंगेतून
इथे मी थोडा वेगळा. भाषा येत नसेल तर पहिले सहा महिने मुंबईत ग्रुपमध्ये काढणं वाईट नाही, सेटची शिस्त सगळीकडे सारखीच. पण तेलुगू आजच सुरू करा. कुडि म्हणजे उजवं, एडम म्हणजे डावं, मुंदु पुढे, वेनक मागे, इंकोसारि म्हणजे पुन्हा एकदा. आणि हे नीट घोका: तिथे मास्टर "चालु" म्हणाले की बास, थांबायचं. मराठी कानाला ते सुरू करा असं ऐकू येतं आणि पोरगं एकटंच नाचत राहतं.

पैशाचं थोडक्यात: आयकराच्या नियमांत नृत्यदिग्दर्शक चित्रपट-कलावंतांमध्ये येतो, मानधनातून साधारण १० टक्के टीडीएस कापला जातो. पहिल्या दिवसापासून पॅन आणि पावत्या नीट ठेवा. स्वतः बसवलेल्या नाचाचं काउंटनिहाय टिपण तारखेसह लिहून ठेवा. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात नृत्यरचना नाट्यकृतीत मोडते, पण ती लिहून किंवा अन्य प्रकारे नोंदलेली हवी, आणि सिनेमा त्या व्याख्येत येत नाही. नुसत्या व्हिडिओवर विसंबू नका.

सहाआठ
मास्टरला पाठवायचा व्हिडिओ: ९० सेकंद, आडवा, एकही कट नाही. आधी ३२ काउंट एकट्याने. मग तेच ३२ काउंट नाच न येणाऱ्या माणसाकडून करून घेतलेले. मग चौघांची रचना १९ फुटांत. मधला भाग सगळ्यात महत्त्वाचा, कारण मास्टर तोच दोनदा बघतात. हिरोला नाचता येईलच असं नसतं.