बोट आमची, डिझेल आमचं, आणि नाव कुणाचं?

तारकर्लीचा_तांडेल
परवा एका ग्रुपवर वाचलं आणि डोकंच फिरलं. म्हणे परदेशात यॉटवाले स्वतःची बोट शास्त्रज्ञांना देतात, आणि कोकणातल्या बोटवाल्यांना डॉल्फिन दाखवून पैसे उकळण्यापलीकडे समुद्राचं काही पडलेलं नाही. अरे बाबा, दोन वर्षांमागे कॉलेजची पोरं आली होती डॉल्फिन मोजायला, चार दिवस पहाटे साडेपाचला बोट काढली, सीझनची गिऱ्हाईकं सोडून. डॉल्फिन दिसले की इंजिन बंद, मग नुसतं हलत बसायचं, त्यातली एक पोरगी ओकून ओकून अर्धी झाली तरी वही सोडीना. डिझेलचे अर्धे पैसे मिळाले. आणि एक सर्टिफिकेट, त्यावर माझं आडनाव चुकलेलं. ते भिंतीवर लावू की इंजिनात घालू?

समुद्रवेडी
सर्टिफिकेटचं वाईटच झालं. पण दादा, दुसरी बाजू पण बोला की. मागच्या डिसेंबरमध्ये मी पर्यटक म्हणून बसले होते, पाच बोटी एकाच कळपामागे, पिल्लू मध्ये अडकलेलं आणि आमचा बोटवाला ओरडतोय 'उजवीकडे बघा, उजवीकडे!' डॉल्फिन वन्यजीव कायद्याच्या शेड्यूल वनमध्ये, म्हणजे सगळ्यात कडक संरक्षणात आहे, ते काय शोभेला? आणि यॉटवाल्यांचं म्हणाल तर अमेरिकेचा चार्ल्स मूर १९९७ मध्ये शर्यत संपवून हवाईहून घरी निघाला होता, स्वतःच्या कॅटामरानवर (दोन सांगाड्यांची शिडाची बोट), तेव्हा पॅसिफिकमधलं तरंगतं प्लास्टिक त्याने पाहिलं आणि पुढे त्याच बोटीने मोजायला परत गेला.

तारकर्लीचा_तांडेल
त्याच्या घरची चूल त्या बोटीवर पेटत नव्हती, ताई. माझी पेटते.

रापणकर
बोटवाले काही करत नाहीत म्हणणाऱ्याने एकदा जाळ्यात कासव अडकलेलं बघावं. जाळं कापल्याशिवाय ते सुटत नाही. २०१८ पासून सरकार भरपाई देतं, जास्तीत जास्त २५ हजार, पण फोटो-व्हिडिओ लागतो. रात्री दोनला, हात मासळीने बरबटलेले, कासव फडफडतंय, एकाने ते धरायचं, एकाने जाळं कापायचं आणि तिसऱ्याने मोबाईल धरायचा. आमच्या होडीवर माणसंच दोन! तरी सोडतो. आता खरं बोलू का, समुद्र वाचवायचा असेल तर आधी एलईडीवाल्यांना आवरा, रात्री झगमगते दिवे लावून मासे ओढून घेणाऱ्या पर्ससीनवाल्यांना. २०१७ ला केंद्राने बंदी घातली, तरी रात्री किनाऱ्यावरून बघा, बाहेर लग्नाचा मांडव असल्यासारखा उजेड.

हर्णैचा_नाखवा
आला विषय पर्ससीनवर, आमच्या घेरून मासे धरायच्या मोठ्या जाळ्यांवर! म्हटलंच, अजून कसा नाही आला. माझा परवाना आहे, सप्टेंबर ते डिसेंबर, बत्ती नाही माझ्याकडे. कुणीतरी चोरी करतो आणि शिव्या आम्ही खायच्या.

रापणकर
परवाने किती आणि बोटी किती ते पण सांग की. पर्ससीनवर मर्यादा घालणाऱ्या २०१६ च्या सरकारी आदेशानंतर कमी व्हायला हव्या होत्या. आम्ही सकाळी किनाऱ्यावरून रापणीचं लांब जाळं ओढतो, चाळीस माणसं, आणि वाट्याला येतं काय, दोन टोपल्या आणि जेलीफिश.

हर्णैचा_नाखवा
मग काय आम्ही बोटी जाळू? कर्ज तू फेडणार? आणि संशोधनाचंच बोलायचं तर माझ्या जीपीएसवर दहा वर्षांचे पॉइंट आहेत, बांगडा कुठल्या महिन्यात कुठे होता, पाणी कुठे गरम लागलं. एकानेही येऊन विचारलं नाही.

समुद्रवेडी
मी विचारते. द्याल?

हर्णैचा_नाखवा
ते धंद्याचे पॉइंट आहेत.

रापणकर
😂😂 झालं संशोधन.

माझगावचा_शिडवाला
भांडण मिटवायला नाही आलो, पण सगळे पैशावरच का अडलेत? व्यापारी जहाजं १९३१ पासून मागे एक यंत्र ओढत प्लँक्टन, म्हणजे पाण्यात तरंगणारे बारीक जीव, गोळा करतायत, जहाज आपल्या कामाला जातंय आणि नमुने आपोआप मिळतायत. वेगळी फेरी लागतच नाही. छोट्या बोटीसाठी पाणी किती स्वच्छ ते मोजायची सेकी डिस्क आहे, ३० सेंटीमीटरची पांढरी चकती, दोरीने पाण्यात सोडायची, दिसेनाशी झाली की खोली लिहायची. पाणी जितकं गढूळ किंवा प्लँक्टन जास्त तितकी चकती लवकर गायब. मी जुनं स्टीलचं ताट रंगवलं, मध्ये भोक पाडून खाली वजन बांधलं, दोरीला दर अर्ध्या मीटरवर लाल लोकर. दर रविवारी ससून डॉकपासून थोडं बाहेर सोडतो.

रापणकर
मुंबईत ताट कशाला, हात घातला तरी दिसत नाही.

माझगावचा_शिडवाला
हसा. पण पावसाआधी आणि पावसानंतरचे आकडे माझ्या वहीत आहेत, तुमच्याकडे काय आहे?

समुद्रवेडी
एका वहीने काही सिद्ध होत नाही हो, पण शंभर बोटींच्या शंभर वह्या झाल्या तर मी पाया पडेन. आणि तांडेलदादा, डिझेलचं तुमचं बरोबर आहे, मानते. आम्हा संशोधन करणाऱ्यांनाही पैसे काम संपल्यावर मिळतात, वर पक्की पावती मागतात आणि जेटीवर पावती कोण देतं?

तारकर्लीचा_तांडेल
पावती मागितली असती तर दिली असती, माका शिकवू नको. बरं, पाच बोटींचं ते खरं आहे. मी मागे राहतो, पण मागे राहिलो की गिऱ्हाईक म्हणतं पुढच्या बोटीला दिसला आम्हाला नाही, पैसे परत द्या. त्याचं काय करायचं ते सांगा आधी. ताटाचं बघतो, घरात एक पोचलेलं पडलंय. पण पुढच्या वेळी डिझेल आगाऊ, आणि आडनाव मी स्वतः लिहून देणार, मोठ्या अक्षरात.

रापणकर
नाखवा, एलईडीचं राहिलंच हां.