शब्दचर्चा: ‘खबऱ्या’, ‘घरभेद्या’ की आणखी काही?

प्रश्न: पूर्व जर्मनीतल्या सामान्य माणसांच्या आठवणी मराठीत आणते आहे. शेजाऱ्यापाजाऱ्यांची माहिती पुरवणाऱ्यांना ‘श्टाझी’ हे गुप्त पोलीस खातं ‘इनऑफित्सिएलर मिटआर्बायटर’ म्हणायचं. मी ‘अनधिकृत सहकारी’ लिहिलंय. चालेल?

उत्तर: ‘अनधिकृत’ नको. आपण अनधिकृत बांधकाम म्हणतो, म्हणजे परवानगी नसलेलं. इथे सगळं खात्याच्या मर्जीने आणि नोंदीनिशी चाले. बहुतेकांकडून हमीपत्र लिहून घेत, प्रत्येकाला टोपणनाव असे, भेटी ठरलेल्या घरात होत. १९८९ साली पगारी कर्मचारी सुमारे ९१,००० आणि हे असे लोक १,७०,००० च्या वर, तेही जेमतेम १ कोटी ६४ लाखांच्या देशात! ‘अनौपचारिक सहकारी’ करा. शब्द गुळगुळीत आहे, पण खात्याला तो तसाच हवा होता.

प्रश्न: आणि लोकांच्या तोंडी? ते ‘श्पिट्झल’ म्हणत. तिथे ‘खबऱ्या’?

उत्तर: हो, तिरस्कार त्यातच नीट उतरतो. फक्त आपला खबऱ्या चोरा-दरोडेखोरांची खबर देतो. तिथे ज्याची खबर जायची त्याने देश सोडण्याचा अर्ज केलेला असे, नाहीतर चर्चमधल्या शांततागटात तो जात असे, एवढंच. ‘फितूर’ मात्र टाळा, फितूर शत्रूला जाऊन मिळतो. ‘घरभेद्या’ मोजक्याच ठिकाणी वापरा. वेरा लेंग्सफेल्ड या विरोधी चळवळीतल्या बाई. त्यांच्याबद्दलची माहिती त्यांचा नवराच ‘डोनाल्ड’ या टोपणनावाने देत होता, आणि हे त्यांना बर्लिनची भिंत पडल्यानंतर कळलं. तिथे दुसरा शब्द मला सुचत नाही.

प्रश्न: लोकांच्या भीतीला सगळीकडे ‘दहशत’ लिहिलंय.

उत्तर: सुरुवातीच्या वर्षांतल्या अटकांना ते शोभेल. पण जानेवारी १९७६ च्या निर्देशात खात्याने ‘त्सेरझेट्सुंग’ची रीत लेखी नेमून दिली. माणसाला न पकडताच आतून पोखरायचं: त्याची बदनामी पसरवायची, नोकरीत त्याला मुद्दाम अपयश यावं अशी व्यवस्था करायची, मित्रांमध्ये संशय पेरायचा. काहींच्या घरात तर गुपचूप शिरून वस्तू इकडच्या तिकडे ठेवत. कुणाला सांगावं तर वेडं ठरण्याची भीती. दहशतीला समोर कुणीतरी दिसतो. या माणसांना कुणीच दिसत नव्हता. त्या प्रकरणांत ‘धास्ती’ लिहा, आणि ‘त्सेरझेट्सुंग’साठी ‘विघटन’ऐवजी ‘पोखरणं’.