केरळचा समाज समजेल असे मल्याळम चित्रपट सुचवा

रानवारा:
मल्याळम थरारपट बरेच पाहून झालेत. आता तिथली घरं, जात, राजकारण, आखातातल्या नोकऱ्या हे सगळं कळेल असं काही हवंय. कुठून सुरुवात करू?

चहाबाज:
'द ग्रेट इंडियन किचन' (२०२१). पार्श्वसंगीत जवळपास नाहीच, नुसते चिरण्या-वाटण्याचे आणि भांड्यांचे आवाज. पुरुष जेवून उठतात, शेवग्याच्या शेंगांचा चोथा टेबलावर तसाच, आणि त्याच टेबलावर मग बायका जेवायला बसतात. सासरे आवाज चढवत नाहीत, गोड बोलून सांगतात की भात चुलीवरचाच हवा. केरळच्या साक्षरतेचं आपण कौतुक करतो, ते रास्तच आहे, पण या घरातले सगळे शिकलेलेच आहेत! हा बघाच.
त्यानंतर 'कुंबळंगी नाइट्स' (२०१९). त्यातला टापटीप, मिशा कोरणारा, घरावर हुकूम चालवणारा शम्मी इतका ओळखीचा निघाला की तशा पुरुषाला तिकडे लोक 'शम्मी'च म्हणू लागले.

माडाखाली:
+१, पण जुने सोडू नका. 'नीलक्कुयिल' (१९५४) थेट अस्पृश्यतेवर आहे. सवर्ण शिक्षक दलित मुलीला दिवस गेल्यावर जातीच्या भीतीने झिडकारतो.
राजकारणासाठी 'संदेशम' (१९९१). दोन भाऊ दोन विरोधी पक्षांत, आणि रेल्वेतून निवृत्त होऊन घरी आलेले वडील मधल्या मध्ये भरडले जातात. त्यातला 'पोलंडबद्दल एक अक्षर बोलू नकोस' हा संवाद केरळात राजकीय वादात अजूनही ऐकू येतो. आखातासाठी 'पत्तेमारी' (२०१५). मामुट्टीने साकारलेला नारायणन आयुष्यभर पैसे पाठवत राहतो, घरी राहायचं मात्र राहूनच जातं. माझ्या मते हा मामुट्टीच्या सर्वोत्तम कामांपैकी एक.

रानवारा:
दोघांचे आभार, यादी केली. पडद्यावर इतकं धीट बोलणारी ही इंडस्ट्री आतून कशी आहे?

माडाखाली:
त्याबद्दलही वाचाच. पहिल्या मल्याळम मूकपटाची नायिका पी. के. रोझी दलित होती. तिने सवर्ण नायर जातीच्या स्त्रीची भूमिका केली म्हणून लोक खवळले आणि तिला गाव सोडावं लागलं. अलीकडे, २०१७ साली अभिनेत्री आणि तंत्रज्ञ बायकांनी एकत्र येऊन 'विमेन इन सिनेमा कलेक्टिव्ह' उभी केली. या इंडस्ट्रीतल्या बायकांच्या अडचणी तपासायला केरळ सरकारने नेमलेल्या हेमा समितीने २०१९ च्या अखेरीस अहवाल दिला, लोकांसमोर आला तो थेट ऑगस्ट २०२४ मध्ये. तोही काही भाग वगळून.

चहाबाज:
आणि डब केलेलं नको, सबटायटल लावून मूळ मल्याळममध्येच बघा. भागाभागातली बोली वेगळी असते, हेल तरी कानावर पडतील.